दर चार तासांनी

कॅन्सरच्या पेशंटच्या केसपेपरवर वेदनाशामकाच्या नावापुढे बऱ्याचदा एवढंच लिहिलेलं असतं : ‘दुखल्यास एक’. डोकेदुखीसाठी हा सल्ला ठीक आहे. हाडात उतरलेल्या कॅन्सरपुढे तो कुचकामी ठरतो. दुखायला लागल्यावर गोळी घ्यायची, ती लागू पडायला अर्धा-पाऊण तास जाणार, तोवर ठणका शिगेला पोचलेला. तो उतरवायला मात्रा मोठी लागते, मोठ्या मात्रेने गुंगी येते, आणि गुंगी उतरता उतरता पुढची कळ दारात उभी. घरच्यांना माणूस एक तर कण्हताना दिसतो, नाही तर झोपलेला. औषध जालीम आहे, देऊ नये, असा निष्कर्ष मग आपोआप निघतो आणि मात्रा कमी केली जाते. कण्हणं अर्थातच वाढतं.

तोंडाने घेतलेल्या साध्या मॉर्फिनचा असर सुमारे चार तास टिकतो. म्हणून ते दर चार तासांनी द्यायचं, त्या घडीला दुखत असो वा नसो. मागची मात्रा ओसरायच्या आत पुढची पोटात गेली पाहिजे. सकाळी सहा, दहा, दुपारी दोन, संध्याकाळी सहा, रात्री दहा. मध्यरात्री दोनला झोपमोड नको म्हणून दहाची मात्रा दुप्पट. मधेच कळ आली तर दिवसाच्या एकूण मात्रेचा सहावा हिस्सा, म्हणजे एका वेळेइतकी मात्रा जादा द्यायची आणि वहीत लिहून ठेवायची. अशा जादा मात्रा किती लागल्या ते पाहून डॉक्टर दुसऱ्या दिवसाची मात्रा ठरवतात. पॅलिएटिव्ह केअरमधल्या, म्हणजे गंभीर आजारातला त्रास हलका करणाऱ्या सेवेतल्या, वेदनाशमनाचा गाभा हा असा अंकगणिताचा आहे. आपल्याकडे मात्र त्याकडे दयेचं, पुण्याचं काम म्हणून बघितलं जातं. दया हवीच, पण वही, घड्याळ आणि रोज ‘किती दुखतं?’ हा एकच प्रश्न नव्याने विचारायची चिकाटी नसेल, तर दयेने ठणका थांबत नाही. या विषयातलं आपलं बहुतेक अपयश ज्ञानाचं नाही, ते या शिस्तीचं आहे, असं माझं मत आहे.

घड्याळाचा हा आग्रह धरला तो सिसिली सॉन्डर्स यांनी. आधी नर्स, पाठीच्या दुखण्यामुळे ते सुटल्यावर रुग्णालयातल्या समाजसेविका, आणि मग वयाची तिशी उलटल्यावर वैद्यकीचं शिक्षण घेऊन डॉक्टर, असा त्यांचा प्रवास. लंडनच्या एका जुन्या हॉस्पिसमध्ये, म्हणजे शेवटच्या टप्प्यातल्या पेशंटच्या सेवागृहात, वेळेवर औषध देण्याची रीत त्यांनी पाहिली होती. १९५८ पासून सेंट जोसेफ्स हॉस्पिसमध्ये त्यांनी ती पेशंटगणिक नोंदी ठेवून पडताळली, आणि १९६७ मध्ये सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस उघडलं. त्यांच्याच हाताखाली रॉबर्ट ट्वायक्रॉस यांनी सत्तरच्या दशकात तोंडाने दिलेल्या हेरॉइनची आणि मॉर्फिनची तुलना केली. फरक काही निघाला नाही. तोवर इंग्लंडात ‘ब्रॉम्प्टन मिश्रण’ नावाचं एक अजब रसायन चाले : मॉर्फिन किंवा हेरॉइन, त्यात कोकेन, दारू आणि सरबत. या चाचण्यांनंतर त्यातलं कोकेन गेलं, दारू गेली, आणि पाण्यात विरघळवलेलं मॉर्फिन तेवढं उरलं. स्वस्त, कुठेही बनवता येण्यासारखं. पुढे जगभर जे पसरलं ते हेच.

पसरवण्याचं काम जागतिक आरोग्य संघटनेच्या १९८६ च्या एका पुस्तिकेने केलं. तिच्यातली तीन पायऱ्यांची शिडी आजही प्रत्येक मेडिकल विद्यार्थ्याला पाठ असते : आधी पॅरासिटामॉल किंवा डायक्लोफेनॅकसारखी औषधं, मग कोडीन-ट्रॅमाडॉल, मग मॉर्फिन. सोबत सूत्रं : औषध शक्यतो तोंडाने, घड्याळाने, शिडीने, आणि त्या त्या माणसाला बेतून. या शिडीचं खरं यश मला औषधशास्त्रापेक्षा राजकारणात दिसतं. तुमच्या देशात तिसऱ्या पायरीचं औषध का मिळत नाही, असं सरकारांना विचारायची सोय तिने करून दिली. शास्त्र म्हणून ती पुढे थोडी डळमळली. मधल्या पायरीबद्दल शंका होतीच. २०१६ मध्ये इटलीतल्या २४० पेशंटवरच्या एका चाचणीत मध्यम वेदनेला सौम्य औषधांऐवजी थेट कमी मात्रेचं मॉर्फिन दिलं, तेव्हा ८८ टक्के जणांना चांगला उतार पडला. सौम्य औषधं घेणाऱ्यांत हे प्रमाण ५५ टक्के होतं. संघटनेने २०१८ च्या मार्गदर्शिकेत ‘शिडीने’ हे सूत्र मूळ यादीतून काढलं आणि शिडी परिशिष्टात नेऊन ठेवली. आपल्याकडे मधली पायरी अजून फार रुंद आहे. पेशंट तिथे महिनोन्‌महिने बसून राहतो, कारण तिसरीवरचं औषध लिहायला डॉक्टर कचरतो आणि गावातल्या मेडिकल दुकानात ते नसतंच.

औषधाआधी प्रश्न येतो : नेमकं कसं दुखतं? ठणकतं, की आग होते? एका जागी सलतं, की विजेचा झटका बसल्यासारखी चमक पायात उतरते? पोटात पीळ पडून कळ येते आणि जाते? पेशंट हे सारं अचूक सांगतो. ऐकणारा घाईत असतो. आग, मुंग्या, झटके हे नस दबल्याचं किंवा बिघडल्याचं लक्षण. त्यावर एकटं मॉर्फिन अर्धवट चालतं. जोडीला अमिट्रिप्टिलिन, गॅबापेंटिन किंवा प्रेगाबालिन लागतं. लिव्हर सुजून त्याचं आवरण ताणलं गेलं, किंवा गाठीने नस दाबली, तर डेक्सामेथासोनसारखं स्टेरॉइड सूज उतरवून काम करतं. आतड्याच्या पिळाला हायोसिन. आणि हाडांतल्या दुखण्याला रेडिएशन. याबाबतीत एक गोष्ट पुरेशी सांगितली जात नाही : हाडाच्या वेदनेसाठी ८ ग्रे इतक्या मात्रेचं एकदाच दिलेलं रेडिएशन, दहा दिवस थोडं थोडं दिलेल्या रेडिएशनइतकाच आराम देतं. पुढे काहींना ते पुन्हा घ्यावं लागतं, एवढाच फरक. गडचिरोलीहून नागपूरला येणाऱ्या माणसाच्या हिशेबात एक फेरी आणि दहा दिवसांचा मुक्काम यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे.

याउलट, चालू नये तेच सर्रास चालतं. रोज संध्याकाळी कंपाउंडरकडून डायक्लोचं इंजेक्शन घेणारे पेशंट तालुक्याच्या गावी थोडेथोडके नाहीत. त्यांची किडनी आणि जठर त्याची किंमत मोजतात. पेंटाझोसिनचं इंजेक्शन तर मॉर्फिनवर असलेल्या पेशंटला दिलं की मॉर्फिनचाच असर मारून टाकतं. पेथिडिन वारंवार दिलं तर त्याचं विघटन होऊन साचणारा पदार्थ झटके आणू शकतो. तरीही इंजेक्शनावरची आपली श्रद्धा अभंग आहे. गोळीने काय होणार, सुई टोचली की डॉक्टरने काहीतरी केलं, असं पेशंटलाही वाटतं आणि डॉक्टरलाही.

फेंटॅनिलच्या पट्टीचं प्रकरण वेगळं. कातडीवर चिकटवायची, तीन दिवस टिकते, गिळता न येणाऱ्याला उपयोगी. पण ती लागू पडायला बारा ते चोवीस तास लागतात, मात्रा पटकन कमी-जास्त करता येत नाही, आणि जो आधी मॉर्फिनसारख्या औषधावर नव्हता त्याला ती थेट लावणं धोक्याचं. ताप चढला किंवा पट्टीवर गरम पाण्याची पिशवी ठेवली, तर औषध झपाट्याने अंगात उतरतं. शिवाय किंमत मॉर्फिनच्या गोळीच्या कैक पट. मॉर्फिन मिळत नाही म्हणून पट्टी लिहिली जाते, तेव्हा औषधाची निवड डॉक्टरने केलेली नसते, दुकानाच्या कपाटाने केलेली असते.

मॉर्फिनचे त्रास आहेत आणि ते ओळखीचे आहेत. पहिले दोन-तीन दिवस गुंगी. बरीचशी ती कित्येक रात्रींच्या जागरणाची फेड असते. काहींना पहिला आठवडाभर मळमळ. त्यावर हॅलोपेरिडॉल किंवा मेटोक्लोप्रामाइड. गुंगी आणि मळमळ या दोन्हींची शरीराला सवय होते. बद्धकोष्ठाची कधीच होत नाही, म्हणून मॉर्फिनसोबत जुलाबाचं औषध पहिल्या दिवसापासून द्यायचं. ते राहिलं की आठ दिवसांनी पेशंट पोट फुगून, उलट्या करत परत येतो आणि दोष मॉर्फिनवर जातो. किडनी खराब असेल तर मॉर्फिनचे उपपदार्थ साचतात, हातपाय उडू लागतात, शुद्ध हरपते. तिथे मात्रा आणि अंतर बदलावं लागतं किंवा औषधच.

खरा अडथळा मात्र भीतीचा. “मॉर्फिन देताय म्हणजे आता काही उरलं नाही का, डॉक्टर?” हा प्रश्न बहुतेक घरांत येतो. दुसरी भीती व्यसनाची, तिसरी श्वास थांबण्याची. वेदना मोजून, थोड्या मात्रेपासून हळूहळू चढवत नेलेलं मॉर्फिन आयुष्य कमी करत नाही. धोका असतो तो एकदम मोठी मात्रा देण्यात आणि किडनीकडे दुर्लक्ष करण्यात. महिनाभर घेतल्यावर शरीराला सवय लागते हे खरं, म्हणून ते थांबवताना टप्प्याटप्प्याने उतरवायचं. पण सवय आणि व्यसन या दोन गोष्टी आहेत. इथे कुणीतरी अमेरिकेतल्या व्यसनाच्या साथीचा दाखला देतो, आणि तो झटकून टाकण्यासारखा नाही. १९९६ मध्ये बाजारात आलेलं ऑक्सिकॉन्टिन कंबरदुखी-सांधेदुखीवालेही वर्षानुवर्षं घेतील अशा पद्धतीने खपवलं गेलं. कंपनीने २००७ मध्ये फसव्या प्रचाराचा गुन्हा कबूल केला, तोवर फार उशीर झाला होता. त्या कथेतून आपण घ्यायचं ते सावधपण : औषध कुणाला, कशासाठी, किती दिवस, आणि घरात ते कुलपात आहे की नाही. कॅन्सरने हाड पोखरलेल्या बाईला अकोल्यात मॉर्फिन नाकारल्याने ओहायोतला एकही तरुण वाचत नाही.

या भीतीला आपल्याकडे कायद्याने बळ दिलं. १९८५ चा अमली पदार्थविरोधी कायदा, ज्याला सगळे एनडीपीएस म्हणतात, आला तो तस्करीसाठी. मॉर्फिन त्याच्या जाळ्यात आपसूक सापडलं. रुग्णालयांना ते ठेवायला निरनिराळ्या खात्यांचे चार-पाच परवाने लागू लागले, एकाची मुदत संपेपर्यंत दुसरा हाती येत नसे, आणि चुकीला कडक शिक्षा. १९८५ मध्ये देशात ७१६ किलो मॉर्फिन वापरलं गेलं होतं. १९९७ मध्ये ते १८ किलोवर आलं. हा तोच देश, जिथे मध्य प्रदेश, राजस्थान आणि उत्तर प्रदेशात सरकारी परवान्याने अफू पिकते आणि नीमच व गाझीपूरच्या सरकारी कारखान्यांत तिच्यावर प्रक्रिया होते. त्यातली बरीच निर्यात होते, बराच भाग खोकल्याच्या औषधातल्या कोडीनकडे जातो. ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकाच्या २०१७ च्या आयोगाने हिशेब मांडला तेव्हा भारतात गरजेच्या फक्त ४ टक्के मॉर्फिनवर्गीय औषध पेशंटपर्यंत पोचत होतं, अमेरिका आणि कॅनडात गरजेच्या तीस पट.

२०१४ मध्ये संसदेने कायदा बदलला. त्यामागे केरळातले पॅलिएटिव्ह डॉक्टर एम. आर. राजगोपाल आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा जवळजवळ दोन दशकांचा पाठपुरावा होता. मॉर्फिन, फेंटॅनिल, मेथाडोन, कोडीन, ऑक्सिकोडोन, हायड्रोकोडोन अशी सहा औषधं ‘अत्यावश्यक’ ठरली, नियम देशभर एकसारखे झाले, आणि मान्यताप्राप्त रुग्णालयाला राज्याच्या औषध नियंत्रकाची एकच परवानगी पुरेशी झाली. कागदावरचा दरवाजा तेव्हापासून उघडा आहे. आत जाणाऱ्यांची गर्दी नाही.

वेदनेबद्दल इतकं लिहून झाल्यावर एक कबूल करायला हवं : पेशंटला विचारलं तर कित्येकदा त्याची पहिली तक्रार वेदना नसतेच. तोंडाच्या कॅन्सरमध्ये ती वासाची असते. गालातून बाहेर फुटलेली जखम, तिचा वास, आणि त्यामुळे खोलीबाहेरच थबकणारी नातवंडं. तंबाखू-गुटख्याच्या या मुलखात असे पेशंट उदंड आहेत. (गुटख्यावर महाराष्ट्रात २०१२ पासून बंदी आहे; टपऱ्यांना ते कळवायचं राहिलं असावं.) हा वास जखमेत वाढणाऱ्या, हवेशिवाय जगणाऱ्या जंतूंचा असतो. मेट्रोनिडाझोलच्या गोळ्या कुटून ती पूड जखमेवर नियमित टाकली की काही दिवसांत वास आटोक्यात येतो. गोळी काही रुपयांची. जखमेत अळ्या झाल्या तर नर्स टर्पेंटाइनचा बोळा जखमेच्या तोंडाशी धरतात, अळ्या वर येतात, मग चिमट्याने काढतात. रक्त झिरपत असेल तर ट्रॅनेक्झॅमिक ॲसिड. आणि मोठा रक्तस्राव होण्याची भीती असलेल्या घरात गडद रंगाचे टॉवेल हाताशी ठेवायला सांगतात, लालभडक दृश्याने घरचे कोलमडू नयेत म्हणून. पाठ्यपुस्तकात याला फार पानं नसतात. पेशंटच्या दिवसात यालाच सर्वांत जास्त जागा असते.

श्वास लागणं हे लक्षण वेदनेपेक्षा घाबरवणारं. घरच्यांना ऑक्सिजन सिलिंडर हवा असतो. रक्तातला ऑक्सिजन खरंच कमी असेल तर त्याचा उपयोग आहे. नसेल तर २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या चाचणीत नाकाशी दिलेल्या साध्या हवेने आणि ऑक्सिजनने सारखाच आराम पडला. चेहऱ्यावर, गालावर येणारा वाराच मेंदूला दिलासा देतो, म्हणून हातातला छोटा पंखा, उघडी खिडकी आणि पुढे उशीवर रेलून बसणं ही खरी उपाययोजना. कमी मात्रेचं मॉर्फिन श्वासाची ही घुसमट हलकी करतं, असा पॅलिएटिव्ह डॉक्टरांचा जुना अनुभव आहे. सगळ्याच आजारांत तसं दिसत नाही : फुप्फुसाच्या जुनाट आजाराच्या, म्हणजे सीओपीडीच्या पेशंटवरच्या २०२२ च्या चाचणीत त्याचा फायदा सिद्ध झाला नाही. तेव्हा हे औषध डोळे झाकून नको, पण पंखा कुणीही द्यावा.

उलटीचं शास्त्रही कारणावर चालतं. रक्तात कॅल्शियम वाढलं, किडनीने मान टाकली, मेंदूत दाब वाढला, आतडं अडलं, की नुसतं बद्धकोष्ठ आहे. प्रत्येकाला वेगळं औषध. ऑन्डेन्सेट्रॉन सगळ्यांना वाटलं जातं, आणि ते स्वतःच बद्धकोष्ठ करतं.

आणि मग सलाईन. “एक बाटली लावा, तरतरी येईल,” ही विनवणी ज्या डॉक्टरने ऐकली नाही तो महाराष्ट्रात राहिलेलाच नाही. शेवटच्या आठवड्यांत भूक जाते, पाणीही नकोसं होतं. अन्न थांबल्याने माणूस मरत नसतो. आजार शेवटाला आल्याने अन्न थांबत असतं. त्या शरीराला बाटलीतलं पाणी पेलत नाही. ते पायांत, फुप्फुसात, घशात साठतं. पण उपाशी ठेवलं हा डाग कोणत्याच लेकाला-सुनेला नको असतो, शेजारपाजार बघत असतो, म्हणून बाटली लागते. इथे नुसतं ‘नको’ म्हणणारा डॉक्टर हरतो. जो सुनेच्या हातात ओला बोळा देतो, ओठ ओले ठेवायला, चमच्याने घोटभर पाणी द्यायला, तोंडाच्या कोरडेपणासाठी बर्फाचा खडा द्यायला शिकवतो, तो तिला करायला काहीतरी देतो. ती बहुधा बाटलीचा हट्ट सोडते.

सॉन्डर्स यांनी ‘सर्वांगीण वेदना’ म्हणून जी कल्पना मांडली ती याच ठिकाणी कामाला येते. शरीराचं दुखणं, मनाचं, घराचं-पैशाचं आणि देवाधर्माचं, हे सगळं एकमेकांत गुंतलेलं असतं. आपल्याकडे या गुंत्यात एक खास गाठ असते : “बाबांना काही सांगू नका.” मुलगा डॉक्टरला दाराबाहेर गाठून हे सांगतो. आत बाबा जुन्या ओळखीच्या नर्सला विचारत असतात, किती दिवस? दोघांनाही ठाऊक असतं, दोघंही नाटक वठवतात, आणि शेत कुणाच्या नावे, बँकेचं कर्ज किती, धाकटीचं काय, हे बोलणं राहून जातं. अशा पेशंटची वेदना रात्री वाढते, मॉर्फिन वाढवत नेलं तरी उतरत नाही. मात्रा वाढवूनही वेदनेचा आकडा हलत नसेल तर अनुभवी डॉक्टर औषध वाढवणं थांबवून खुर्ची ओढून बसतो. सगळं एकदम सांगून टाकणं हे उत्तर नव्हे. तुम्हाला किती जाणून घ्यायचंय, हे पेशंटलाच विचारावं. मुलाचा हेतू वाईट नसतो, त्यामुळे त्याच्याशी भांडूनही उपयोग नाही. आधी त्याचीच भीती ऐकावी लागते.

पॅलिएटिव्ह केअर म्हणजे उपचार संपल्यावरची पायरी, हा समज २०१० मध्ये बॉस्टनच्या एका अभ्यासाने मोडीत काढला. फुप्फुसाच्या पसरलेल्या कॅन्सरच्या १५१ पेशंटपैकी ज्यांना निदानापासूनच नेहमीच्या उपचारांसोबत ही सेवा मिळाली, त्यांचे दिवस बरे गेलेच, शिवाय शेवटी-शेवटी आक्रमक उपचार कमी घेऊनही ते जास्त जगले : मध्यक ११.६ महिने, इतरांचा ८.९. तरी आपल्याकडे पेशंट या विभागात पोचतो तो “आता घरी घेऊन जा” सांगितल्यावर.

शेवटच्या तासांसाठी लागणारी औषधं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी : मॉर्फिन, मिडाझोलाम, हॅलोपेरिडॉल, हायोसिन. गिळणं थांबलं की ती कातडीखाली बसवलेल्या बारीक सुईतून देता येतात. शीर शोधावी लागत नाही, आणि घरचा माणूसही हे शिकू शकतो. बडबड, कपडे ओढणं, उठून पळू पाहणं सुरू झालं तर आधी लघवी तुंबली आहे का ते पाहावं. साधी नळी घातल्यावर शांत झोपलेले पेशंट असतात. घशातली घरघर ऐकणाऱ्याला असह्य होते, पेशंट तोवर बहुधा शुद्धीपलीकडे असतो. कुशीवर वळवणं सक्शनच्या नळीपेक्षा चांगलं. काही थोड्यांचा त्रास कशानेच आवरत नाही, तेव्हा विचारपूर्वक, मात्रा मोजून झोपेचं औषध दिलं जातं. ते त्रास आवरण्यापुरतं दिलं जातं, जीव घेण्यासाठी नाही, आणि कायद्यालाही हा फरक कळतो.

मरणाच्या हक्काबद्दलचा आपला कायदा मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या अरुणा शानबाग यांच्या खटल्यापासून, म्हणजे २०११ पासून, आकार घेत गेला. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सन्मानाने मरण्याचा हक्क आणि वैद्यकीय इच्छापत्र मान्य केलं. प्रक्रिया इतकी किचकट होती की ती कुणी वापरेना. २०२३ मध्ये न्यायालयाने ती सोपी केली, न्यायदंडाधिकाऱ्याऐवजी नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी चालेल असं ठरलं. गोव्यात २०२४ मध्ये न्यायमूर्ती महेश सोनक यांनी स्वतःचं इच्छापत्र नोंदवून सुरुवात करून दिली. व्हेंटिलेटर नको हे त्या कागदाने ठरतं. घरी रात्री श्वास लागला तर औषध कोण देणार, हे त्यात लिहिता येत नाही.

ते ठरतं व्यवस्थेवर. देशातलं पहिलं हॉस्पिस, शांती अवेदना, मुंबईत वांद्र्याला १९८६ मध्ये टाटा रुग्णालयातले शल्यचिकित्सक डॉ. एल. जे. डिसोझा यांनी सुरू केलं. पुढे गोव्यात लोटली इथेही. पुण्यात वारज्याला सिप्लाचं केंद्र १९९७ पासून आहे. या विषयातली एम.डी. पदवी देशात पहिल्यांदा टाटामध्ये, २०१२ साली सुरू झाली. म्हणजे प्रारंभ महाराष्ट्रातला. पण १९९३ मध्ये केरळात कालिकतच्या मेडिकल कॉलेजात राजगोपाल, डॉ. सुरेश कुमार आणि त्यांचे स्वयंसेवक मित्र अशोक कुमार यांनी जे सुरू केलं ते वेगळ्या वाटेने गेलं. त्यांनी खाटा न वाढवता स्वयंसेवक वाढवले. दुकानदार, शिक्षक, गृहिणी आठवड्यातून दोन तास देऊ लागले, पेशंटच्या घरी जाऊन विचारपूस करू लागले. २००८ मध्ये केरळ सरकारने धोरण केलं आणि ग्रामपंचायतीने पगार दिलेली नर्स घरोघर जाऊ लागली. महाराष्ट्राचंही धोरण २०१२ मध्ये आलं. फरक पडला तो पंचायतीच्या तिजोरीने. केरळात ही सेवा सरपंचाच्या निवडणुकीतला विषय होऊ शकते, आपल्याकडे ती अजून शहरातल्या कॅन्सर रुग्णालयाचा एक विभाग आहे. सगळंच तिथलं उचलून आणता येणार नाही, नंदुरबारच्या पाड्यांमधली अंतरं मलप्पुरमला माहीत नाहीत. पण आशाताई गरोदर बाईच्या घरी जाते, क्षयाच्या गोळ्या देते. अंथरुणावरच्या म्हाताऱ्याला ‘किती दुखतं’ हे विचारणं आणि वहीत लिहिणं तिच्या कामात बसतं, फक्त त्या कामाचे पैसे तिला मिळाले पाहिजेत.

जिल्हा रुग्णालयाला मॉर्फिन ठेवायची मान्यता मिळण्यासाठी लागतं ते असं : वेदनाशमनाचं प्रशिक्षण घेतलेला किमान एक डॉक्टर, कुलपाचं कपाट, नोंदवही आणि वर्षाला किती लागेल याचा अंदाज. प्रशिक्षण काही आठवड्यांचं असतं, आणि २०१९ पासूनच्या एमबीबीएस अभ्यासक्रमात हा विषय आहेच. सर्वांत अवघड जातो तो अंदाज. चौकशी नको म्हणून आकडा छोटा लिहिला, की साठा वर्ष संपण्याआधी संपतो. आणि मॉर्फिनवर असलेल्या पेशंटचं औषध एका रात्रीत थांबलं तर त्याला जुनं दुखणं दुप्पट जोराने येतं, वर घाम, जुलाब आणि तळमळ. म्हणून प्रशिक्षित डॉक्टर बदलून गेला तर त्याची जागा कोण घेणार, हे बदलीच्या आदेशाआधी ठरायला हवं, आणि कपाटात पुढच्या दोन-तीन महिन्यांच्या गोळ्या आधीच असायला हव्यात.